तेरा अक्षरांची माफी

भिवंडीच्या नारपोलीत मी सव्वीस वर्षं जॉबर होतो. जॉबर म्हणजे लूमचा, यंत्रमागाचा मिस्त्री. धोटा अडकला, पट्टा तुटला, की कारागीर हात वर करतो आणि जॉबर धावतो. हात वर करतो, कारण हाक मारून उपयोग नसतो. एका पत्र्याखाली अठ्ठेचाळीस लूम चालू असताना शेजारी उभ्या माणसाचाही आवाज पोचत नाही. म्हणून कारखान्यात सगळे एकमेकांच्या ओठांकडे बघून बोलतात. मला ती सवय इतकी जडली होती की माझे कान गेलेत हे माझ्याशिवाय कुणाच्या लक्षातच आलं नाही. निदान माझा तसा समज होता.

आणि मला नाद होता तो नेमका कानांचा. तरुणपणी मी बिघडलेले रेडिओ दुरुस्त करायचो. त्यातून कल्याणच्या एका सरांची ओळख झाली. त्यांनी मला मोर्स शिकवलं, सरकारी परीक्षेला बसवलं आणि मी हौशी रेडिओचा परवानाधारक झालो. चाळीच्या गच्चीवर दोन बांबू उभे करून त्यांच्यामध्ये तांब्याची तार ताणली. बांबू अंजूरच्या माझ्या थोरल्या भावाने दिले. खालच्या खोलीत, कपाटाशेजारी, एक छोटं टेबल, त्यावर हाताने जोडलेला सेट आणि मोर्स ठोकायची पितळेची चावी. या हौशीत कुणी तोंडाने बोलतं, कुणी मोर्सने. मला मोर्सच आवडायचं. लिहिलेल्यासारखं असतं ते, पण ऐकून वाचायचं.

बाकीच्या दिवशी आमच्या भागात रेडिओ लावण्यात अर्थ नसायचा. लूमच्या मोटारी हवेत इतका खरखराट सोडतात की त्याखाली सगळं गाडलं जातं. शुक्रवारी मात्र लूम बंद. त्या दिवशी सकाळी साडेसातला माझी एक ठरलेली गाठ असायची. समोरच्या टोकाला निलगिरीच्या डोंगरातले एक निवृत्त शिक्षक होते. शाळेत त्यांनी भौतिकशास्त्र शिकवलं होतं. मी त्यांना मनात गुरुजी म्हणायचो. हवेत आम्ही दोघंही एकमेकांना 'ओएम' म्हणायचो. बिनतारीच्या भाषेत त्याचा अर्थ 'बाबा रे' असा घ्यायला हरकत नाही.

चौदा वर्षं दर शुक्रवारी आम्ही बोललो. भेटलो कधीच नाही. पण त्यांचा हात मी ओळखायचो. मोर्समध्ये प्रत्येकाचा हात वेगळा असतो, जशी प्रत्येकाची चाल वेगळी असते. त्यांचा हात निवांत होता. शब्द संपला की थोडं थांबायचे, जणू फळ्यावर लिहून मागे वळून वर्गाकडे बघतायत. शेजारी त्यांची बायको बसलेली असायची. बायकोला आमच्यात 'एक्सवायएल' म्हणतात. ती विणकाम करत ऐकायची, असं ते सांगायचे. मी कापडाच्या गावात राहतो याचं तिला कौतुक होतं. प्रत्येक शुक्रवारी शेवटी तिचा नमस्कार यायचा.

कान कधी जायला लागले ते सांगता येत नाही. आधी एक बारीक शिट्टी सुरू झाली. कारखान्यातून घरी आलो की ती तासभर राहायची. मग रात्रभर. मग गेलीच नाही. मोर्सचा सूर त्या शिट्टीत बुडायला लागला. मी सेटवर सूर खाली आणला, आणखी खाली आणला. तेही पुरेना तेव्हा अंदाज करायला लागलो. चौदा वर्षांची ओळख असली की निम्मं वाक्य कळल्यावर उरलेलं निम्मं आपल्याला ठाऊकच असतं. गुरुजींचा वेगही त्या दिवसांत कमी झाला होता. मला वाटलं, वय झालं त्यांचं.

मी कुणाला सांगितलं नाही. जॉबरला लूम ऐकूनच कळतं की कुठे काय सुटलंय. बहिरा जॉबर कोण ठेवील, ही भीती होती. आणि रेडिओवरच्या मंडळींत सांगायची तर लाज वाटत होती.

ज्या शुक्रवारी ते घडलं त्याच्या आधी गुरुजी दोन आठवडे हवेत आले नव्हते. त्यापूर्वी त्यांनी कळवलं होतं की एक्सवायएल इस्पितळात आहे. म्हणून त्या सकाळी त्यांची खूण, म्हणजे परवान्यावरचं कॉलसाइन, आली तसा मी पुढे सरसावून बसलो. हेडफोन दोन्ही हातांनी कानांवर दाबले. त्यांनी नेहमीपेक्षाही हळू काहीतरी पाठवलं. मधले तुकडे शिट्टीत गेले. माझ्या कागदावर उतरलं ते एवढंच : एक्सवायएल, मग काही नाही, मग 'अ‍ॅट होम'.

घरी आली! मला इतका आनंद झाला की मी पुन्हा विचारलंसुद्धा नाही. चावी दाबली आणि पाठवलं, 'एफबी, एफबी, व्हेरी हॅपी ओएम.' एफबी म्हणजे छान, उत्तम. वर आणखी, तिला माझा नमस्कार सांगा, असंही पाठवलं.

पलीकडून फक्त निरोपाचा आकडा आला, त्र्याहत्तर. आणि ते गेले.

रविवारी दुपारी ठाण्याचा एक माणूस घरी आला. तोही आमच्यातलाच, वीज कंपनीत नोकरीला होता आणि शुक्रवारी कधीकधी आमचं बोलणं नुसतं ऐकत बसायचा. चहा झाला, तरी तो कप खाली ठेवीना.

"तू परवा काय पाठवलंस, आठवतंय?" त्याने विचारलं.

"हो. गुरुजींची बायको घरी आली ना."

त्याने कप खाली ठेवला. "अरे, त्यांनी पाठवलं होतं, एक्सवायएल एसके अ‍ॅट होम."

मला काही क्षण अर्थच लागेना. मग लागला. एसके म्हणजे चावी कायमची थांबली. आमच्यातला माणूस गेला की आम्ही एसके म्हणतो. खरं तर तो शब्द परवाना असलेल्यांसाठी आहे. गुरुजींच्या बायकोकडे परवाना नव्हता. चौदा वर्षं शेजारी बसून ऐकलं म्हणून त्यांनी तो शब्द तिला आपणहून दिला होता. आणि मी त्यावर म्हणालो होतो, छान, उत्तम, फार आनंद झाला.

"तुला ऐकू नाही आलं?" ठाण्याच्या मित्राने विचारलं.

तेव्हाही मी खरं बोललो नाही. म्हणालो, "त्या दिवशी खरखर फार होती."

"माझ्याकडे तर स्वच्छ येत होतं," तो म्हणाला. मग त्यालाच अवघडल्यासारखं झालं आणि तो उठला.

मी त्याच संध्याकाळी पत्र लिहिलं. चार पानं झाली. सोमवारी टाकलं. पुढच्या शुक्रवारी साडेसातला बसलो, त्याच्या पुढच्याही बसलो. गुरुजी आले नाहीत. महिन्याभराने माझं पत्र परत आलं. पाकिटावर पोस्टमनने लिहिलं होतं की माणूस घर सोडून गेला. ठाण्याच्या मित्राने इकडेतिकडे विचारलं. कुणीतरी सांगितलं की मुलीकडे गेले. मुलगी कुठे असते ते कुणाला माहीत नव्हतं.

मी सेटवर टॉवेल टाकला आणि तसाच ठेवला.

माझ्या बायकोचं माहेर खाडीकाठचं. ती फारशी बोलत नाही, पण एकदा बोलायचं ठरवलं की थांबत नाही. एका शुक्रवारी सकाळी साडेसातला मी खाटेवर पडून आढ्याकडे बघत होतो. ती समोर येऊन उभी राहिली. मुद्दाम समोर, म्हणजे मला तिचे ओठ दिसावेत.

"कवापासून ऐकू येत न्हाय?" तिने विचारलं.

"कुणी सांगितलं तुला?"

"सांगाला कशाला पायजे? कुकर शिट्ट्या मारून दमतो, तुमी बाजूला बसून पेपर वाचता. पोर मागून हाक मारतंय तर वलून बघत न्हाय. मना चार वरसं झाली म्हाईत हाय."

"मग बोलली का नाहीस?"

"तुमी लपवत होता. मना वाटलं, लपवू दे. पन आता तुमी जेवत न्हाय."

मी उठून बसलो आणि तिला सगळं सांगितलं. एसकेचं, एफबीचं, परत आलेल्या पत्राचं. ती खाटेच्या कडेला बसून ऐकत होती. संपल्यावर म्हणाली, "चला, डाक्टरकडं."

ठाण्याच्या कानाच्या डॉक्टरीणबाईंनी मला काचेच्या खोलीत बसवलं, कानांवर हेडफोन दिला आणि आवाज ऐकू आला की बटण दाबायला सांगितलं. मी बटण दाबत गेलो. मग बराच वेळ दाबलंच नाही. बाहेर आल्यावर त्यांनी आलेख दाखवला. रेघ डावीकडे सरळ चालली होती आणि मग खड्ड्यात पडली होती.

"लूमवर असता?" त्यांनी विचारलं. मी काही सांगितलं नव्हतं. रेघेवरूनच कळलं त्यांना.

"सव्वीस वर्षं," माझी बायको म्हणाली.

"गेलंय ते परत येणार नाही," डॉक्टरीणबाई माझ्याकडे तोंड करून, सावकाश बोलल्या. "पण उरलंय ते राखता येईल. आजपासून कानात बोळे घातल्याशिवाय कारखान्यात पाऊल टाकायचं नाही. आणि मशीन लावलंत तर बोलणं बरंच कळेल. शिट्टी राहील. तिची सवय होते."

जिना उतरताना मला हलकं वाटत होतं. वाईट बातमीच होती ती, पण कागदावर होती, शिक्का मारलेली. माझी चूक नव्हती, आळस नव्हता, वय नव्हतं. एक रेघ होती आणि ती खड्ड्यात पडली होती. खाली रस्त्यावर आल्यावर मी बायकोला म्हटलं, "वडापाव खाऊ." महिन्याभरात मी स्वतःहून मागितलेलं ते पहिलं खाणं.

ठाण्याच्या मित्रालाही मग फोन न करता घरी जाऊन सांगितलं. तो म्हणाला, "आणि मी त्या दिवशी तुला विचारत बसलो, ऐकू नाही आलं का." मग आत गेला आणि एक सीडी घेऊन आला.

"यात कान लागत नाहीत," तो म्हणाला.

त्या वर्षांत रेडिओवर एक नवीन प्रकार आला होता. जेटी-पासष्ट त्याचं नाव. सेट कॉम्प्युटरला जोडायचा. संदेश कॉम्प्युटरवर लिहायचा आणि तो त्याचे सूर करून पाऊण मिनिट हवेत सोडतो. पलीकडचा कॉम्प्युटर ते सूर खरखरीतून वेचून परत अक्षरं करतो. एक मिनिट मी, एक मिनिट समोरचा. एका वेळी फार तर तेरा अक्षरं, मोकळ्या जागा धरून. मुळात तो चंद्रावर आपटून परत येणारे सिग्नल पकडण्यासाठी बनवला होता, म्हणजे किती क्षीण आवाज त्याला पुरतो ते बघा.

"किती क्षीण?" मी विचारलं.

"मी हेडफोन लावून बसलो तरी मला काही ऐकू येत नाही, आणि पडद्यावर नाव उमटतं. या प्रकारात तू आणि मी सारखेच. सगळेच बहिरे."

हे वाक्य त्याने सहज टाकलं. मी ते घेऊन घरी आलो.

मानकोलीच्या एका गोदामातून जुना लॅपटॉप मिळाला. त्याच्या कडेचा पत्रा वाकलेला होता आणि बॅटरी म्हातारी. सेटला जोडायची वायर मित्राने करून दिली. अडचण निघाली ती घड्याळाची. दोन्हीकडची घड्याळं सेकंदाला सेकंद जुळलेली लागतात, नाहीतर अक्षरं उमटत नाहीत. आमच्याकडे इंटरनेट नव्हतं आणि त्या लॅपटॉपचं घड्याळ दिवसाला चार-पाच सेकंद मागे पडायचं. मग मला रेडिओवरच्या बातम्या आठवल्या. बातम्यांआधी वेळेचे ठोके वाजतात. पण ते मला नीट ऐकू कुठे येणार?

"मी हाय की," बायको म्हणाली.

तेव्हापासून शुक्रवारी सकाळी ती ट्रान्झिस्टर कानाला लावून टेबलाशी उभी राहायची. मी बोट बटणावर ठेवून तिच्याकडे बघायचो. शेवटच्या ठोक्याला ती माझ्या खांद्यावर थाप मारायची. मी बटण दाबायचो. अर्ध्या सेकंदाचाही फरक राहायचा नाही. ठाण्याच्या मित्राला ते पटेना. एकदा मुद्दाम येऊन बघून गेला आणि वहिनींना परवाना द्या म्हणाला.

पडद्यावर निळ्या रंगाचा एक पट्टा वरून खाली सरकत राहतो. त्यात पिवळट रेघा उमटतात. लूमवर कापड उतरताना बघायची सवय असल्यामुळे मला तो पट्टा लगेच वाचता यायला लागला. लूम चालू असलेल्या दिवशी तो सगळा पांढरा फटक व्हायचा. शुक्रवारी निळा आणि शांत. पहिल्या शुक्रवारी एक जपानी माणूस उमटला. दुसऱ्या शुक्रवारी रशियातला कुणीतरी. त्या वर्षांत सूर्यावर डाग नव्हते, आणि डाग नसले की सिग्नल लांब पोचत नाहीत, त्यामुळे तोंडाने बोलून लांबचं कुणी सापडायचं नाही, सगळे म्हणायचे रेडिओ मेला. आणि माझ्याकडे पडद्यावर माणसं येत होती. मला काहीच ऐकू येत नव्हतं आणि मी काहीही चुकत नव्हतो. अंदाज करावा लागत नव्हता. अक्षर एकतर पूर्ण यायचं, नाहीतर यायचंच नाही. चार-पाच वर्षांनी मी रेडिओसमोर खांदे सैल सोडून बसलो होतो.

चौथ्या की पाचव्या शुक्रवारी, साडेनऊच्या सुमाराला, गुरुजींचं कॉलसाइन उमटलं.

मी आधी ते नुसतं वाचलं. कुणालाही बोलावणारी हाक होती ती, सोबत कॉलसाइन आणि जागेची खूण. कॉलसाइन तेच. जागेची खूण मात्र निलगिरीची नव्हती. मी भिंतीवरच्या नकाशावर बघितलं. ईशान्येचे डोंगर. पाठवणारा क्षीण होता, इतका की निळ्या पट्ट्यावर रेघसुद्धा नीट दिसत नव्हती.

मी बायकोला हाक मारली. माझी हाक जरा मोठीच झाली असावी, कारण ती पीठ लागलेल्या हातांनीच आली.

"गुरुजी," मी पडद्यावर बोट ठेवून म्हटलं.

"मग बोला ना!"

पण तोवर उत्तराचं मिनिट निघून गेलं होतं. पुढच्या मिनिटाला त्यांनी पुन्हा हाक दिली. या वेळी मी उत्तर पाठवलं. पाऊण मिनिट सेटवरचा लाल दिवा जळत राहिला. मग थांबलो. लॅपटॉपला अक्षरं वेचायला आठ-दहा सेकंद लागायची. माझं कॉलसाइन उमटलं, त्यांचं उमटलं, आणि पुढे उणे एकवीस. म्हणजे माझा आवाज त्यांच्याकडे खरखरीच्या कितीतरी खाली पोचत होता. पण पोचत होता.

आणि त्याच वेळी पंखा थांबला. वीज गेली. भिवंडीत तेव्हा दिवसाला कितीतरी तास वीज जायची, त्यामुळे सेट मी ट्रकच्या बॅटरीवरच चालवायचो. लॅपटॉप मात्र स्वतःच्या म्हाताऱ्या बॅटरीवर आला. कोपऱ्यात आकडा आला, अकरा मिनिटं. त्याची अकरा मिनिटं खरी सहा-सातच असायची, हे मला माहीत होतं.

ठरलेले संदेश आधी पुरे करावे लागतात, तू मला इतका येतोस, मी तुला इतका येतो, मिळालं. त्यात तीन मिनिटं गेली. तेवढ्यात मी पुढचा संदेश लिहायला घेतला. 'व्हेरी सॉरी ओएम.'

बायकोने वाचलं. इंग्रजी तिला अक्षरओळखीपुरतं येतं, पण सॉरी कळलं. "कशाबद्दल ते न्हाय लिवलं," ती म्हणाली.

"तेरा अक्षरंच जातात."

"मग सॉरी कशाला? काय झालं ते लिवा. त्यांना वाटत असंल, या मानसाला मयताची खबर दिली न हा हसला. ऐकू न्हाय आलं, ते लिवा."

मी पुसलं. मुलाची गणिताची चौकटीची वही टेबलावर होती. तिने ती उघडून पुढे सरकवली आणि मी एकेका घरात एकेक अक्षर लिहिलं. 'डिडंट', पाच अक्षरं. एक घर मोकळं. 'हिअर', चार. एक मोकळं. 'एसके', दोन. तिने पिठाच्या बोटाने घरं मोजली. पाच, सहा, दहा, अकरा, तेरा.

तेरा. इंग्रजीत लिहिलं की बरोबर तेरा. मला एसके ऐकू आलं नाही.

मिनिट सुरू झालं आणि लाल दिवा लागला. सत्तेचाळीस सेकंद मी टेबलाची कड धरून बसलो होतो. दिवा विझला. आता त्यांचं मिनिट. त्या मिनिटात पलीकडे एक म्हातारा माणूस माझी तेरा अक्षरं वाचून काय लिहीत असेल, की काही लिहीतच नसेल, याचा विचार करायचा नाही असं मी ठरवलं आणि तोच करत राहिलो. बॅटरीचा आकडा चारवर आला होता.

अक्षरं उमटली. 'न्यू यूआर इअर्स.' यूआर म्हणजे युअर.

तुझे कान मला ठाऊक होते.

मी बायकोला अर्थ सांगितला. सांगताना माझा आवाज कसा आला ते मला कळलं नाही, पण तिने माझ्या पाठीवर हात ठेवला. शर्टावर पिठाचा पंजा उमटला, तो नंतर संध्याकाळी दिसला.

मी काय लिहावं? 'थँक यू' एवढंच लिहिलं आणि पाठवलं. त्यांचं पुढचं मिनिट आलं. उमटलं, 'शी न्यू फर्स्ट', अक्षरं वाचवायला फर्स्टच्या जागी '1ST'.

तिला आधी कळलं होतं.

त्यावर मी निरोपाचा त्र्याहत्तर पाठवायला घेतला. अर्ध्यावर असताना पडदा काळा झाला. खोलीत फक्त सेटची खरखर उरली असणार, मला काही ती ऐकू येत नव्हती. बायको म्हणाली, "गेला काय?" मी म्हटलं, "गेला." आणि आम्ही दोघं हसायला लागलो. का ते सांगता येणार नाही. माझ्या डोळ्यांतून पाणी येत होतं आणि मी हसत होतो. ती पोळ्या करायला परत आत गेली. त्या दुपारी मी जेवून झोपलो तो पाच वाजता उठलो.

तीन आठवड्यांनी गुरुजींचं पत्र आलं. माझा पत्ता त्यांच्याकडे चौदा वर्षांपूर्वीच्या एका कार्डावर होता. इंग्रजीत, बारीक अक्षरात, दोन पानं. मी ते इतक्यांदा वाचलं आहे की मराठीतच पाठ झालंय.

त्यांनी लिहिलं होतं की दोन वर्षांपूर्वी विणताना बायको म्हणाली, तुम्ही भरभर पाठवता, त्या भिवंडीच्या माणसाला ऐकू येत नाही, तो तुमचं म्हणणं न ऐकता हो म्हणतो. त्यांना पटलं नाही. मग त्यांनी एक शुक्रवार मुद्दाम काहीतरी विचित्र पाठवून बघितलं आणि मी त्यावरही छान म्हणालो. तेव्हापासून तिच्या सांगण्यावरून ते माझ्यासाठी हळू पाठवत होते. मी ते वय समजत होतो.

पुढे लिहिलं होतं, 'तुझा एफबी ऐकून मला राग आला का? आला. संध्याकाळपर्यंत होता. मग लक्षात आलं की तुला ती बरी होऊन घरी आल्यासारखं वाटलं. त्या दिवशी मला भेटायला पुष्कळ माणसं आली आणि सगळ्यांना ती गेलेलीच माहीत होती. लांब एका गावात एकच माणूस असा होता की ज्याच्या मनात ती घरी परतली होती आणि तो आनंदात होता. मला ते बरं वाटलं. तुला लगेच कळवायला हवं होतं. पण मला कुणालाच काही कळवावंसं वाटत नव्हतं. मुलगी इथे घेऊन आली. तिच्या घराला गच्ची नाही. खिडकीतून हातभर तार बाहेर सोडली आहे, बल्बपेक्षा कमी ताकद. चावीने मला कुणी ऐकत नाही. म्हणून हा नवा प्रकार शिकलो.'

शेवटी होतं, 'तू कान दाखवलेस का? नसतील तर दाखव. ती असती तर तिने हेच आधी विचारलं असतं.'

मी कानाचं मशीन लावलं ते त्या पत्रानंतर. कारखान्यात बोळे घालायला लागलो तसं शेठला सांगणं भागच होतं. त्यांच्या केबिनमध्ये उभा राहून मी म्हटलं, मला कमी ऐकू येतं, बरीच वर्षं. त्यांनी चष्मा काढला. "लूम तर दुरुस्त करतोस ना?" म्हणाले. करतो, म्हटलं. लूमच्या चौकटीवर हात ठेवला की मला हादऱ्यावरून कळतं, कान गेल्यापासून तसंच करत होतो. "मग मला काय सांगतोस? बाकीच्यांना पण ते बोळे आणून दे." एवढंच झालं. ज्या गोष्टीला मी इतकी वर्षं घाबरलो ती दोन मिनिटांत आटोपली.

गुरुजी आणि मी त्यानंतर बऱ्याच शुक्रवारी भेटलो, तेरा-तेरा अक्षरांनी. सविस्तर काही सांगायचं असलं की पत्र. त्यांच्या मुलीने एकदा त्यांचा फोटो पाठवला. मी त्यांना सडपातळ समजत होतो. चांगले गोलमटोल निघाले.

मशीन घातलं की सगळं कळतं असं नाही. गर्दीत, रस्त्यावर अजून गोंधळ होतो. मशीन लावून पहिल्यांदाच अंजूरला भावाकडे निघालो होतो. रिक्षावाला पुढून काहीतरी विचारत होता आणि इंजिनाच्या आवाजात मला शब्द लागत नव्हता. इतकी वर्षं अशा वेळी मी मान हलवून हो म्हणायचो आणि भलत्याच नाक्यावर उतरायचो. त्या दिवशी मी पुढे वाकलो आणि म्हटलं, "भाई, जरा ज़ोर से बोलो. मुझे कम सुनाई देता है."

त्याने आरशात बघितलं. "कहाँ काम करते हो, चाचा?"

"नारपोली. लूम पे."

"तो नारपोली में सुनाई किसको देता है?" तो ओरडून म्हणाला, आणि स्वतःच खदखदून हसला. मग त्याने तोंड मागे वळवून, मोठ्याने, एकेक शब्द सुटा करत विचारलं, "मंदिर के पास उतरोगे, या आगे?"

"आगे," मी म्हटलं.